वहाळातला मंत्र

नमस्कार श्रोतेहो.

माझा भाचा संगणकावर एक खेळ खेळतो. त्यातला जादूगार एरवी फुंकर मारून जेमतेम एक दिवा विझवतो. पण जमिनीखालून निळ्या प्रकाशाच्या रेषा गेलेल्या असतात, आणि दोन रेषा जिथे एकमेकींना छेदतात तिथे उभं राहून त्याने मंत्र म्हटला की बळ दुप्पट. तीन मिळाल्या तर डोंगरच फुटतो! मी विचारलं, या रेषा आल्या कुठून? तर म्हणे, "मामा, त्या असतातच."

असतातच असं काही नाही. इंग्लंडात हेरफर्ड गावी आल्फ्रेड वॉटकिन्स नावाचे गृहस्थ होते. फोटोग्राफीचा नाद, प्रकाश मोजायचं यंत्रही त्यांनी बनवलेलं. १९२१ साली त्यांच्या लक्षात आलं, की जुनी देवळं, टेकाडं, उभे दगड नकाशावर एका ओळीत येतात. त्यांनी या ओळींना नाव दिलं 'ले'. पण ध्यानात घ्या, वॉटकिन्स म्हणत होते ते एवढंच, की या जुन्या पायवाटा आहेत. वाटा. शक्ती-बिक्ती काही नाही. ती लोकांनी पुढे चाळीसेक वर्षांनी त्यात ओतली, आणि तिथून ती गोष्टींत आली, खेळांत आली.

आपल्याकडे हा मिलाफ जागेपेक्षा वेळेचा. रविवारी सूर्यग्रहण आलं किंवा सोमवारी चंद्रग्रहण, की तो चूडामणी योग, फळ अनेकपट. भाद्रपद वद्य षष्ठी, मंगळवार, रोहिणी, व्यतिपात आणि हस्तातला सूर्य, सगळं एका दिवशी जुळलं तर कपिलाषष्ठी. आपण मात्र भाऊ वेळेवर जेवायला आला तरी कपिलाषष्ठीचा योग म्हणतो! आणि ग्रहणाचं तर काय, स्पर्शापासून मोक्षापर्यंत, म्हणजे ग्रहण लागल्यापासून सुटेपर्यंत, जपलेला मंत्र सिद्ध होतो, अशी समजूत. मंत्र जागवायचा तो ग्रहणात. हे लक्षात ठेवा, कारण मला खरी गोष्ट सांगायची आहे ती इथली.

१६ फेब्रुवारी १९८०, शनिवार. मी दहा वर्षांचा, आजोळी, सावंतवाडीकडे. खग्रास पट्टा खाली कारवार-अंकोल्याकडून जाणार होता, पण आमच्याकडेही सूर्य जवळजवळ सगळा झाकणार होता. वेध आदल्या रात्रीच लागलेले. हंड्यावर दर्भ, बरणीवर तुळशीपत्र, ते काही सांगायला नको.

आजोबांकडे विंचवाचा मंत्र होता. पैसे घ्यायचे नाहीत, लाल भोपळा खायचा नाही, आणि ग्रहणात बेंबीएवढ्या पाण्यात उभं राहून जागवायचा. आता फेब्रुवारीत वहाळाला पाणी गुडघ्याखाली. (हल्ली वहाळाला नाला म्हणतात. नाला शहरात असतो हो, वहाळात पाणी असतं!) मग आजोबांनी काय केलं, खाली बसले. बसले, तेव्हा पाणी बरोबर बेंबीला लागलं. मला काठावर बसवलं, हातात खडे दिले. त्यांनी बोट वर केलं की माळ पुरी, मी एक खडा बाजूला ठेवायचा.

साडेतीनच्या पुढे ऊन पातळ झालं. आंब्याखाली उन्हाचे गोल कवडसे पडतात ना, ते सगळे कोयत्यांसारखे झाले. जमिनीवर शेकडो कोयते, वाऱ्यावर हलणारे. कोंबड्या खुराड्याकडे निघाल्या. मी खडे विसरून कोयते बघत बसलो. आणि ऐन मध्याला आजोबा ओरडले. मला वाटलं, झाला सिद्ध! तर त्यांच्या अंगठ्याला कुर्ली, म्हणजे खेकडा, डसलेली. कुर्लीसकट पाय वर, मंत्र तुटला, आणि खडे किती झाले ते मलाही सांगता येईना. मी बेधडक ठोकून दिलं, "एकवीस." आजोबा खूश.

त्याच संध्याकाळी, मोक्षाची आंघोळ झाल्यावर, आजी पाणी तापवायला लाकडं काढायला गेली आणि तिला विंचू चावला. काळा होता. लाल असता तर ही गोष्ट मी हसत सांगू शकलो नसतो. म्हणून मध्येच सांगतो, आणि दोनदा सांगतो: विंचू चावला तर दवाखाना. आधी दवाखाना. महाडच्या डॉ. हिम्मतराव बावस्करांनी प्राझोसिन हे रक्तदाबाचं औषध लाल विंचवाच्या दंशावर वापरून कोकणात किती माणसं वाचवली, ते जरूर वाचा.

तर आजोबा ताजा मंत्र घेऊन बसले. केरसुणीने हातावरून खाली उतरवत पुटपुटले, तीन फुंकरी मारल्या. "उतारला?"

आजी म्हणाली, "उतारला हां. पयल्याच फुंकरेक."

आजोबांनी रात्री जेवताना चार शेजाऱ्यांना ऐकवलं, ग्रहणातला मंत्र म्हणजे काय समजलात! आणि मी आजीजवळ झोपलेला. मध्यरात्री जाग आली तर ती उठून बसलेली. पदर दातात धरलेला, हात पाण्याच्या तपेल्यात कोपरापर्यंत. मला बघून पदर सोडला आणि म्हणाली, "तेंका सांगू नको हां."

मी नाही सांगितलं. एकवीसचंही नाही सांगितलं.

२४ ऑक्टोबर १९९५ला पुन्हा ग्रहण आलं, लक्ष्मीपूजनाच्या दुसऱ्या दिवशी, सकाळी. वहाळ भरून वाहत होता. फराळाचे डबे बाजूला सारून आजीने आजोबांचं जुनं धोतर काढून ठेवलं, आणि ते पायरी उतरले तशी मागून हाक मारली, "कुर्ल्यो बघून बसा!"