१९६५ च्या घरात कालनिर्णय? सेट डेकोरेटर नेमकं काय करतो

नमस्कार मंडळी! मी उभी आहे नाशिकच्या भांडीबाजारात. मागे गोंगाट आहे, तेवढा सांभाळून घ्या.

समजा, तुम्हाला एक सेट लावायचाय. साल १९६५. पंचवटीतला वाडा, त्यात एका शाळामास्तरांचं बिऱ्हाड. भिंती उभ्या आहेत, रंग वाळलाय. आता आत काय काय ठेवाल?

भिंतीवर कालनिर्णय? बाद. ते १९७३ ला सुरू झालं. मास्तरांना आलेल्या पत्रावर पिनकोड? तोही बाद, पिनकोड आला १५ ऑगस्ट १९७२ ला. कोपऱ्यात टीव्हीचं तर नावच काढू नका, मुंबई दूरदर्शनच १९७२ चं. असल्या चुका कॅमेरा चालू व्हायच्या आधी पकडायच्या, हे सेट डेकोरेटरचं काम.

प्रॉडक्शन डिझायनर सिनेमाचं एकूण रूप ठरवतो, आर्ट डायरेक्टर ते उभं करून घेतो आणि त्या घरात राहणारी माणसं कशी आहेत, हे सामानातून दाखवतो सेट डेकोरेटर. फर्निचर, पडदे, भांडी, देवघर, खुंटीवरची टोपी. ऑस्करमध्ये प्रॉडक्शन डिझाइनचा पुरस्कार डिझायनर आणि सेट डेकोरेटर अशा दोघांना मिळून देतात. आपल्याकडच्या छोट्या युनिटमध्ये हे सगळं बहुतेक वेळा आर्ट असिस्टंटच्याच गळ्यात पडतं, आणि श्रेयनामावलीत वेगळं नाव शोधूनही सापडत नाही. मला हे अजिबात पटत नाही.

(घंगाळ हातात घेऊन, क्लोजअप)

हे बघा, तांब्याचं कोरं घंगाळ. असंच ठेवलं तर लाइट मारेल आणि दुकानातून आत्ताच उचलून आणल्यासारखं दिसेल. म्हणून काळपट तपकिरी रंग पातळ करून फासायचा आणि लगेच फडक्याने पुसायचा. खाचांत, काठाखाली राहील तेवढा राहू द्यायचा. कड्या आणि काठ मात्र चकचकीतच हवेत, कारण रोज हात तिथे लागतो. नवशिके सरसकट काळं करतात, मग भांडं माळ्यावरून काढल्यासारखं दिसतं. आणि बुडाला काजळी लावू नका हं! पाणी तापतं बंबात, घंगाळ कुठे चुलीवर चढतंय? रंग पाण्याने धुतला जाईल असाच घ्या. भांडं भाड्याचं असतं, परत द्यायचंय.

शॉट लागण्याआधी प्रत्येक कोपऱ्याचा फोटो काढायचा. सीनचा उरलेला भाग चार दिवसांनी घेतला, तरी पेला तिथेच आणि तितकाच भरलेला हवा. कंटाळवाणं आहे, पण यातच नोकरी टिकते.

शिकायचं कुठे? पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये कलादिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा तीन वर्षांचा कोर्स आहे. चित्रकला, इंटिरिअर, नेपथ्य यातूनही पोरं येतात. आपले त्र्यंबकेश्वरचे दादासाहेब फाळके मुंबईच्या जेजे या चित्रकलेच्या शाळेत शिकले होते, आणि १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'नंतर नाशिकला येऊन त्यांनी इथेच सिनेमे काढले. आज मात्र कामाचा मोठा भाग मुंबईत आहे, बॅग भरलेली ठेवावी लागेल.

पैशांचं स्पष्ट बोलते. मानधन दिवसावर किंवा प्रोजेक्टवर ठरतं, शेवटचा हप्ता रखडतो. त्यामुळे सेटचं सामान स्वतःच्या खिशातून कधीच आणू नका. आधी ॲडव्हान्स, मग खरेदी, आणि प्रत्येक पावती जपून.

कोणी ओळखीचं नसेल, तर कामाचा नमुना आधी स्वतःच तयार करा. एक कुटुंब, एक साल, एक खोली ठरवा. समजा, १९८० मधली सातपूरच्या कारखान्यातल्या कामगाराची खोली. घरातल्या मोठ्यांना विचारा: रेशनचं कार्ड कुठे असायचं, डबा कोणता, चपला कुठे काढायचे? त्यातून सामानाची यादी करा, जमेल तेवढं उसनं आणून घरातलाच एक कोपरा लावा आणि फोटो काढा. असे तीन कोपरे झाले की फाइल घेऊन आर्ट डायरेक्टरकडे जा.