रुळाच्या पोटातला प्रतिध्वनी

दोन गाड्यांच्या मधल्या वेळात, माणसाच्या चालीने रुळावरून ढकलत नेली जाणारी ही छोटी गाडी म्हणजे रुळाच्या आतल्या भेगा प्रतिध्वनीवरून शोधणारा रेल टेस्टर. तिच्या खाली रुळाच्या माथ्याला घासत सरकणारे प्रोब, म्हणजे ध्वनितरंग सोडणारे आणि परत टिपणारे भाग, दिसतात आणि प्रोबखाली सतत पाणी ठिबकत असते. या पाण्यावर लक्ष ठेवावे, कारण त्याच्याशिवाय ही तपासणी होऊच शकत नाही.

प्रोबमधल्या स्फटिकाला विजेचा झटका बसला की तो सेकंदाला २० ते ४० लाख वेळा या गतीने क्षणभर कंप पावतो. माणसाच्या कानाची मर्यादा २० हजारांची, त्यामुळे आपल्याला काहीच ऐकू येत नाही. सरळ खाली रोखलेल्या प्रोबमुळे पोलादाचा वरचा थर दाबला जातो, तो खालच्या थराला दाबतो आणि स्वतः पूर्ववत होतो. प्रत्येक कण आपल्या जागीच किंचित मागेपुढे होतो. दाब मात्र पुढे पुढे जात राहतो. हवेत दाबाचा हा तरंग, म्हणजे अनुतरंग, सेकंदाला सुमारे ३४० मीटर, पाण्यात १,४८० मीटर आणि पोलादात तब्बल ५,९०० मीटर जातो. पोलाद जड असल्याने तेथे तरंग मंदावेल असे वाटते, परंतु त्याचा ताठपणा त्याच्या घनतेच्या मानाने इतका अधिक आहे की वेग वाढतोच. १७२ मिलिमीटर उंचीच्या रुळाच्या तळापर्यंत जाऊन परत येण्यास त्याला सेकंदाच्या दहा लाख भागांपैकी साठ भागही लागत नाहीत.

गाडीवरच्या यंत्राच्या पडद्यावरचा हा उंच कंगोरा तळाकडून आलेल्या प्रतिध्वनीचा आहे. वाटेत आडवी भेग असेल तर तिचा कंगोरा आधी उमटतो आणि तळाचा खचतो. भेगेत हवा असते, आणि पोलादातून आलेला तरंग हवेच्या सीमेवरून जवळजवळ पूर्णपणे माघारी फिरतो. याच कारणाने प्रोब आणि रूळ यांच्यामध्ये हवेचा पातळसा थरही चालत नाही. तो पाण्याने भरून काढावा लागतो. तपासणीत अडथळा आणणारी हवाच भेगेचा पत्ता देते.

भेग उभी असली तर सरळ खाली जाणारा तरंग तिच्या कडेने निसटतो. म्हणून ७० अंशांनी कललेले प्रोब पुढे आणि मागे रोखलेले असतात. त्यांतून निघणारा तरंग अवतरंग असतो, म्हणजे त्यात कण तरंगाच्या दिशेला आडवे हलतात; त्याचा वेग सेकंदाला सुमारे ३,२०० मीटर.

यंत्राला एवढेच कळते. बोल्टच्या भोकावरूनही प्रतिध्वनी येतो, आणि माथ्यावर गंज असेल किंवा पाणी नीट पोहोचले नसेल तर तळाचा कंगोरा भेगेविनाही खचतो. त्यातून खरा दोष निवडणे हे उन्हातान्हात मैलोन्मैल चालणाऱ्या, पडद्यावरून नजर न हटवणाऱ्या या माणसांचे कसब आहे, आणि त्याची दखल फारशी कोणी घेत नाही.

दोष लक्ष ठेवण्याजोगा असेल तर रुळाच्या उभ्या अंगावर तांबड्या रंगाची एक फुली काढतात, ताबडतोब काढण्याजोगा असेल तर तीन. आणि तीन फुल्यांचा तुकडा बदलेपर्यंत तेथून गाड्या ताशी ३० किलोमीटरपेक्षा अधिक वेगाने सोडल्या जात नाहीत.