तलावशिवार

श्रोतेहो, नमस्कार.

मागच्या महिन्यात माझ्या भाचीचा फोन आला. ती नागपूरला पर्यावरणशास्त्र शिकते. म्हणाली, "मामा, एक शब्द अडलाय. पॉन्डस्केपला मराठीत काय लिहू?" मी म्हटलं, शब्दकोशात बघ. म्हणाली, बघितलं, त्यात नाही. मग तिनं मला अर्थ सांगितला. एक तळं नव्हे, तर जवळजवळ असलेली बरीच लहान तळी, त्यांच्या मधली शेतं, गवताची पडीक जमीन, झुडपं, नाले, आणि या सगळ्यांतून ये-जा करणारे जीव. हे सारं मिळून जी एक गोष्ट होते, ती पॉन्डस्केप.

फोन ठेवला आणि मी अंगणात येऊन बसलो. मी जन्मलो त्या गोष्टीत. गोंदिया जिल्ह्यात, अर्जुनी मोरगाव तालुक्यात. तीस वर्षं मुलांना मराठी शिकवलं तेही तिथंच. आणि ज्या गोष्टीत सारं आयुष्य गेलं तिचं नाव मला एका मुलीनं विचारलं, तर मला सांगता आलं नाही. तेव्हापासून हा शब्द डोक्यातून जात नाही. आज तुमच्याशी त्याबद्दलच बोलायचं आहे.

ज्यांनी आमचा भाग पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडं सांगतो. पूर्व विदर्भात, म्हणजे भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली आणि नागपूरच्या काही भागात, साडेसहा हजारांहून जास्त जुने तलाव आहेत. बहुतेक माणसांनी बांधलेले. गोंड राजांच्या काळात, जो तलाव बांधील त्याला त्या पाण्याखाली भिजेल तेवढी जमीन, अशी चाल होती असं जुने लोक सांगतात. कोहळी समाजाची माणसं या कामात वाकबगार. नवेगावचा मोठा बांध कोलू पाटील कोहळी यांनी घातला, हे आमच्याकडे लहान पोरालाही ठाऊक असतं. पुढं मालगुजारी, म्हणजे गावाचा सारा गोळा करणाऱ्या जमीनदारांची पद्धत, आली आणि हे तलाव मालगुजारांकडे गेले. १९५० च्या कायद्यानं मालगुजारी संपली, तलाव सरकारचे झाले आणि कागदोपत्री त्यांचं नाव पडलं माजी मालगुजारी तलाव. कागदावर लिहिताना कोणीतरी त्याचं 'मामा' केलं. आज शेतकरी, अधिकारी, सगळेच मामा तलाव म्हणतात. सरकारी फाइलीतली दोन अक्षरं लोकांनी घरातल्या नात्यासारखी तोंडात घेतली, याचं मला फार अप्रूप वाटतं. तलाव सरकारचा झाला तरी लोकांनी त्याला परका होऊ दिलं नाही.

आता मूळ शब्दाकडे येतो. इंग्रजीतला 'पॉन्ड' हा शब्द 'पाउंड' या शब्दाचंच दुसरं रूप आहे. पाउंड म्हणजे कोंडवाडा, मोकाट जनावरं कोंडायची जागा. म्हणजे पॉन्ड हे कोंडलेलं पाणी. हे वाचलं तेव्हा मला आपला 'बांध' आठवला. नवेगावबांध, सिवनीबांध. आमच्याकडे गावांची नावं पाण्यावरून पडली नाहीत, पाणी अडवणाऱ्या मातीवरून पडली. इतक्या दूरच्या दोन भाषांना तळ्याकडे बघताना आधी पाणी दिसलं नाही, पाणी धरून ठेवणारा माणसाचा हात दिसला.

पण पॉन्डस्केपचा शेवटचा तुकडा, 'स्केप', हा लॅन्डस्केपवरून घेतलेला. इंग्रजीत लॅन्डस्केप हा शब्द डच चित्रकारांकडून आला, निसर्गाच्या चित्रासाठी. म्हणजे कोणीतरी लांब उभं राहून बघतंय, असा त्याचा स्वभाव. म्हणून आपल्याकडे त्याचं भाषांतर भूदृश्य, परिदृश्य असं करतात. त्या चालीवर तलावदृश्य म्हणता येईल. पण मला ते पटत नाही. दृश्य बघायचं असतं. बांधावर उभं राहून जो फोटो काढून जातो त्याच्यासाठी ते दृश्य आहे. ज्याच्या धानाच्या बांधीत त्या तलावाचं पाणी येतं त्याच्यासाठी ते दृश्य कसं असेल?

आमच्या बोलीत तुकड्यांना शब्द भरपूर आहेत. मोठा तो तलाव. शेतातला लहान, बहुधा एखाद्या घराचा, तो बोडी. मातीचा उंच बांध ती पाळ. भरून वाहायला लागलं की जादा पाणी जिथून निघतं तो सलंग. पाणी सोडायची जागा तो तुडुम. खाली जातो तो पाट किंवा नहर. धानाचा चौकोन ती बांधी, दोन बांध्यांमधला तो धुरा. उन्हाळ्यात पाणी मागं सरकतं तेव्हा उघड्या पडलेल्या ओल्या गाळात जे पेरतात ती गाळपेर. बघा, एवढे शब्द, आणि प्रत्येक शब्द पाण्याचं एक वळण सांगतो.

तुडुमाजवळ मी लहानपणी तासन्‌तास बसलेलो आहे. आमच्या गावच्या तलावाला जुना दगडी तुडुम होता. वरून खाली एकाखाली एक छिद्रं, प्रत्येक छिद्रात लाकडाचा खुंटा ठोकलेला. पाणी जसजसं उतरेल तसतसा खालचा खुंटा काढायचा. माझे आजोबा कमरेएवढ्या पाण्यात उतरायचे, खुंट्याभोवतीचं शेवाळ बोटांनी खरवडायचे आणि मुठीनं खुंटा हलवायचे. आधी नुसता आवाज यायचा, घोट गिळल्यासारखा. मग पाळीच्या पलीकडे, नहरीच्या तोंडाशी, चिखलाच्या वासाचं गढूळ पाणी फुटायचं आणि थोड्या वेळानं स्वच्छ व्हायचं. त्या पाण्याबरोबर बोटाएवढे मासे यायचे. आम्ही पोरं धोतराच्या तुकड्यानं ते धरायचो. आजोबा ओरडायचे, "जाऊ द्या रे, ते खालच्या तलावात जाऊन राहतील."

खालच्या तलावात. हे त्यांचे सहज बोललेले दोन शब्द माझ्या भाचीच्या शब्दाचा सगळा अर्थ आहेत. आमचा एकही तलाव एकटा नाही. टेकडीच्या पायथ्याची बोडी भरली की तिचं पाणी मधल्या तलावात, त्याचा सलंग वाहिला की बांध्यांमधून खालच्या तलावात, तिथून नाल्यात. आणि पहिल्या जोरदार पावसात मासे या वाटेनं उलटे वर चढतात. मरळ, शिंगी, मागूर. गावातल्या एका म्हाताऱ्या ढिवर बाईला मी हे विचारलं. तिचं आयुष्य मासे आणि शिंगाडे काढण्यात गेलं. माझ्याकडे बघून म्हणाली, "मासोळी का एका तलावाची असते का, गुरुजी?"

शास्त्रज्ञ हेच वेगळ्या तऱ्हेनं सांगतात. लहान तळ्यांत, त्यांच्या आकाराच्या मानानं, वनस्पती आणि पाण्यातल्या किड्यांची विविधता फार असते. दोन शेजारची तळी कधी सारखी नसतात. एक उथळ, एक खोल, एक उन्हाळ्यात आटणारं, एक झाडाच्या सावलीतलं. त्यामुळं दहा लहान तळ्यांचा समूह जितक्या जातींचे जीव सांभाळतो तितक्या जातींचे तेवढ्याच क्षेत्राचा एकच मोठा जलाशय बहुधा सांभाळत नाही. एक तळं आटलं तर तिथला जीव शेजारी जातो, पुन्हा भरलं की परत येतो. पण मधली वाट मोकळी असेल तरच. इंग्लंडमध्ये नॉरफोक भागात शेतकऱ्यांनी जुनी तळी बुजवून त्यावर शेती केली होती. अलीकडे त्यातली काही पुन्हा खणली, तर शतकभर मातीखाली निजलेलं पाणवनस्पतींचं बी त्या गाळातून उगवून आलं. हे वाचून मला आमच्या किती बुजलेल्या बोड्या आठवल्या म्हणून सांगू.

आणि सारस. महाराष्ट्रात सारस आता मुख्यतः गोंदिया आणि त्याच्या आसपासच उरलाय, तोही मोजकाच. २०२१ मध्ये उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानं त्यांच्या घटत्या संख्येची स्वतःहून दखल घेतली. या पक्ष्याचा दिवस बघा. चरायला तलावाच्या काठी, घरटं धानाच्या बांधीत, पिल्लं घेऊन पुन्हा पाण्याकडे. तलाव राखला आणि बांधी विषारी फवारणीनं मारली तर सारस राहत नाही. बांधी राखली आणि तलाव बेशरमाच्या झुडपांनी भरला तरी राहत नाही. त्याला दोन्ही लागतात, आणि मधली पायवाटही.

आता माझ्या मनात सलणारी एक गोष्ट सांगतो. आमच्या शेजारच्या गावात दोन तलावांच्या मधून रस्ता झाला. रस्ता हवाच होता, त्याबद्दल तक्रार नाही. सलंगाचं पाणी जायला खाली पाइप टाकले, पण टाकले उंच. पाणी पाइपातून खाली धबधब्यासारखं पडतं. मासा तेवढी उडी मारू शकत नाही. मी एका पावसात छत्री घेऊन तिथं उभा होतो. पाइपाच्या तोंडाखाली मासे गोळा झाले होते. उसळी मारायचे, सिमेंटवर आपटायचे, पुन्हा पाण्यात पडायचे. बगळे शांतपणे टिपत होते. मी ज्यांना भेटलो त्या प्रत्येकानं मला कागद दाखवला आणि प्रत्येकाचा कागद बरोबर होता. वरच्या तलावाची नोंद होती, खालच्या तलावाची नोंद होती, रस्त्याचीही होती. दोन तलावांच्या मधलं जे होतं त्याची नोंद कुठंच नव्हती, कारण त्याला नावच नव्हतं.

आपल्याकडे शंभर हेक्टरपर्यंत सिंचन करणारा तलाव जिल्हा परिषदेकडे, त्याहून मोठा पाटबंधारे खात्याकडे. वरचं जंगल वनखात्याकडे. मासेमारी सहकारी संस्थांकडे ठेक्यानं. बांधी शेतकऱ्याची. प्रत्येकाची वाटणी आपापल्या जागी ठीक असेल, पण पाणी एकच आहे. या सगळ्यांना जोडणारा शब्द कोणाच्याच तोंडी नाही, म्हणून मला तो हवा आहे.

मी बरेच शब्द चाचपून पाहिले. पाणथळ हा फार चांगला शब्द आहे, पण तो पाणी साचलेल्या एका जागेचा. बांधी त्यात येईलच असं नाही. पाणलोट हाही चांगला, आणि त्याच्याकडून एक धीरही मिळतो. योजनांतून घरोघरी पोचलेला हा शब्द आज कोणताही शेतकरी सहज बोलतो, म्हणजे नवा शब्द रुजू शकतो. पण पाणलोट उताराकडे बघतो, वाहत्या पाण्याकडे आणि वाहून जाणाऱ्या मातीकडे. त्यात मासोळी नाही, शिंगाडा नाही, ढिवर बाई नाही. पट्टी आणि पट्टा हे आमच्या सवयीचे. झाडीपट्टी, धानपट्टा. तलावपट्टा म्हणता येईल, पण पट्टा फार मोठा, जिल्ह्याएवढा होतो. मला गावाच्या मापाचा शब्द हवा होता.

शेवटी मी शिवारावर येऊन थांबलो. तलावशिवार.

शिवार हा शब्द उच्चारला की आपण आत असतो. शिवारात जातो, शिवारातून येतो. शिवारात पीक असतं, गुरं असतात, पायवाट, विहीर, देवाचा दगड, दुपारची शिदोरी, सगळं असतं. हा कसणाऱ्याचा शब्द आहे. एक अडचण मात्र आहे आणि ती मी लपवणार नाही. शिवार हा शब्द शिवेवरून आला. शीव म्हणजे हद्द, आणि पाणी गावाची हद्द मानत नाही. या अडचणीनं मला दोन दिवस थांबवलं. मग वाटलं, हद्द तर हवीच, फक्त ती पाण्यानं ठरवावी. वरच्या बोडीत जिथून पाणी येतं तिथपासून खालच्या तलावाचं पाणी ज्या शेवटच्या बांधीत मुरतं तिथपर्यंत एक तलावशिवार. मग ते दोन गावांत असो की चार.

वापरताना जपावंही लागेल. कुठंही पाच-दहा खड्डे दिसले की तलावशिवार म्हणू नये. प्लॅस्टिक अंथरलेलं शेततळं उपयोगाचं आहे, पश्चिम विदर्भात त्यावर फळबागा जगल्या आहेत. पण त्याच्या तळाशी चिखल नाही, त्यातून मासा बाहेर जात नाही, बाहेरून कमळाचं बी आत येऊन रुजत नाही. ओळीनं दहा शेततळी असली तरी ती दहा वेगळी भांडी आहेत. तलावशिवार म्हणायचं तर पाण्याचं पाण्याशी आणि मातीशी येणं-जाणं हवं. आणि एकट्या तलावाला हा शब्द लावू नये. त्याला तलावच म्हणावं.

मी भाचीला हा शब्द कळवला. तिनं प्रबंधात घातला, आणि खाली मला विचारलं, मामा, अनेकवचन काय? मी लिहिलं, तलावशिवारं. आमच्या तालुक्यात अशी किती तलावशिवारं आहेत ते मोजायला ती दिवाळीनंतर येणार आहे. आम्ही दोघं वरच्या बोडीपासून पायी निघू, सलंगाच्या वाटेनं खाली. त्या उंच पाइपापाशी थांबू आणि त्याची उंची मोजून घेऊ.

श्रोतेहो, तुमच्यापैकी बरेच जण झाडीपट्टीतले आहात. या सगळ्याला मिळून तुमच्या गावात, तुमच्या आजीच्या तोंडी एखादा जुना शब्द असेल. असेल तर तो माझ्या शब्दापेक्षा खरा आहे. आकाशवाणीच्या पत्त्यावर मला कळवा. शब्दाबरोबर तो कोण बोलायचं आणि कशाबद्दल बोलताना, हेही लिहा.

नमस्कार.