रांगेला फाइल म्हणणारी भाषा

(पुण्यात फ्रेंचमधून मराठीत अनुवाद करणाऱ्यांसमोर दिलेल्या व्याख्यानाचा संपादित भाग)

आपल्यापैकी अनेकजण रानडे इन्स्टिट्यूटमध्ये किंवा आलियाँस फ्राँसेझमध्ये फ्रेंच शिकले आणि आता हिंजवडीतल्या कंपन्यांच्या कागदपत्रांवर त्यांची उपजीविका चालते. संगणकाविषयीचा फ्रेंच मजकूर समोर आला की आपण फ्रेंच-इंग्रजी कोश उघडतो आणि मिळालेल्या इंग्रजी शब्दावरून मराठीकडे येतो. या वाटेत इंग्रजी जेवढी मदत करते तेवढीच फसवतेही, आणि माझे आजचे म्हणणे त्या फसवणुकीविषयी आहे.

फ्रेंचमध्ये जो शब्द आपल्या 'फाइल'सारखाच लिहिला जातो, त्याचा उच्चार 'फील' असा असून अर्थ 'रांग' असा आहे. संगणकात साठवलेल्या फाइलीला फ्रेंच माणूस 'फिशिए' म्हणतो. प्रोग्रॅममध्ये जिथे कामे रांगेने थांबतात तिथेच नेमका हा 'फील' येतो, म्हणजे संदर्भही संगणकाचाच असल्यामुळे चूक लवकर लक्षात येत नाही. 'पील' म्हणजे चळत, पण हाच शब्द विजेच्या सेललाही चालतो. 'लिब्रेरी' हे पुस्तकांचे दुकान. प्रोग्रॅमरची लायब्ररी, म्हणजे तयार कोडचा साठा, 'बिब्लिओतेक'. ज्या कोशात विषयाची खूण नाही, तो अशा ठिकाणी निरुपयोगी ठरतो, मग त्यात कितीही शब्द असोत.

हे शब्द आले कुठून, तेही पाहण्यासारखे आहे. 1955 मध्ये आयबीएमच्या फ्रान्समधील शाखेने नव्या यंत्राला नाव सुचवण्याची विनंती सोरबॉनमधले लॅटिनचे प्राध्यापक जाक पेरे यांना केली. त्यांनी पत्रातून 'ऑर्दिनातर' हा शब्द कळवला आणि जगाची व्यवस्था लावणाऱ्या देवाचे विशेषण म्हणून तो पूर्वी वापरला जात असे, हेही सांगितले. आकडेमोडीऐवजी मांडणीवर बोट ठेवणारे हे नाव मला आपल्या 'संगणका'पेक्षा अधिक दूरदर्शी वाटते, कारण गणन हा या यंत्राच्या उद्योगांपैकी एकच आहे. पुढे 1962 मध्ये फिलिप द्रेफ्युस यांनी माहिती आणि स्वयंचलन यांचे फ्रेंच शब्द जोडून संगणकशास्त्रासाठी 'अँफॉर्मातिक' घडवला. सॉफ्टवेअरसाठी 'लोजिसिएल' असा रुळला की आज फ्रेंच माणसाला तो घडवलेला शब्द आहे हे आठवतही नाही.

सगळ्याच शब्दांचे नशीब असे नव्हते. ईमेलसाठी कॅनडाच्या फ्रेंचभाषक क्वेबेक प्रांतात वापरात असलेला 'कुरिएल' फ्रान्सने 2003 मध्ये राजपत्रातून अधिकृत केला, तरी पॅरिसच्या कचेरीत तोंडी 'मेल'च ऐकू येतो. म्हणून कोशातील नोंदीत शब्द अधिकृत आहे की नुसता प्रचलित, फ्रान्सचा आहे की क्वेबेकचा, एवढे तरी असलेच पाहिजे. फ्रान्सच्या 'फ्राँस्तेर्म' आणि क्वेबेकच्या 'ग्राँ दिक्सिओनेर तेर्मिनोलोजिक' या दोन्ही संग्रहांत शब्दाचे क्षेत्र आणि व्याख्या दिलेली असते. शब्दाशेजारी शब्द ठेवणाऱ्या छापील कोशाआधी मी हे उघडतो. 1831 साली छापलेल्या मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशाची थोरवीही मला शब्दसंख्येपेक्षा अर्थाच्या छटा उलगडण्यात दिसते.

एककांच्या बाबतीत कोशाइतकीच डोळ्यांची गरज लागते. फ्रेंच लोक बाइटला 'ऑक्टे' म्हणतात, त्यामुळे तक्त्यात एमबीच्या जागी 'एम' आणि 'ओ' ही अक्षरे दिसतात, आणि दशांशाच्या जागी स्वल्पविराम असतो. तिथला 'बिलियाँ' दहाचा बारावा घात आहे, इंग्रजी बिलियनच्या हजारपट. इंग्रजी बिलियनला ते 'मिलियार' म्हणतात.

आणि 'तेलेशार्जे'. नुसत्या या शब्दावरून फाइल उतरवायची की चढवायची हे नेहमीच कळत नाही; क्वेबेकने चढवण्यासाठी 'तेलेव्हेर्से' वेगळा ठेवला आहे. मजकूर फ्रान्सचा असेल, तर मी आधी बटणावरचा बाण कोणत्या दिशेला आहे ते पाहतो.