अंभोऱ्याचा डोंगा

[दृश्य: सकाळचे साडेसहा. घाटाला लागलेला लाकडी डोंगा. पाण्यावर धुकं. पलीकडचा काठ दिसत नाही.]

नागपूर जिल्ह्यातल्या कुही तालुक्याच्या कडेला अंभोरा आहे. इथे वैनगंगेला कन्हान येऊन मिळते. आम, मुर्झा आणि कोलारी या तीन लहान नद्याही याच परिसरात येतात, म्हणून लोक याला पाच नद्यांचा संगम म्हणतात. समोरचा काठ भंडारा जिल्ह्याचा. टेकडीवर चैतन्येश्वराचं देऊळ आहे आणि महाशिवरात्रीला तिथे यात्रा भरते. आद्यकवी मुकुंदराजांच्या गुरुपरंपरेतल्या हरिनाथांची समाधी इथेच आहे, असं मानतात.

आता केबलच्या आधाराचा मोठा पूल दोन्ही जिल्हे जोडतो. पूल नव्हता तेव्हा पलीकडे जायला नाव लागायची. ढिवर समाजाच्या माणसांनी पिढ्यान् पिढ्या इथे माणसं, धान्याची पोती आणि यात्रेकरू पार नेले. तो लाकडी डोंगा आता मासेमारीला उरला आहे. पाहुण्यांनी म्हटलं तर तो त्यांना संगमावर फिरवूनही आणतो. ती फेरी नीट कशी करायची, एवढाच या फिल्मचा विषय.

[दृश्य: डोंग्याचा जवळून फेरफटका. तळ, काठ, टोक.]

डोंगा मुळात एकाच जाड खोडातून कोरून काढायचे. एवढ्या घेराचं झाड आता तोडायला मिळत नाही, आणि मिळू नये हेच बरं. म्हणून आजचा डोंगा फळ्यांचा असतो. तळ सपाट, दोन्ही टोकं निमुळती. सपाट तळामुळे तो वीतभर पाण्यातही चालतो आणि चिखलाच्या काठाला सरळ जाऊन टेकतो. त्याला खाली कणा नसतो, त्यामुळे कडेचा वारा लागला की तो आडवा सरकतो. पुढे एक माणूस वल्हं मारतो, मागे दुसरा लांब बांबू घेऊन उभा असतो. उथळ पाण्यात बांबू तळाला टेकवून डोंगा ढकलायचा, आणि बांबू तळाला पोचेनासा झाला की वल्हं धरायचं. मागचा माणूस उभा राहतो म्हणून आपणही उभं राहावं असं पाहुण्यांना वाटतं. पण त्याच्या पायांना डोंग्याचा तोल माहीत असतो, आणि डोंग्यात उभं राहणारा तो एकटाच असतो.

आता थोडा हिशेब. वीस फूट लांब, सव्वातीन फूट रुंद आणि दीड फूट खोल असा डोंगा धरा. साठ किलोचा एक माणूस बसला की तो साधारण दीड सेंटिमीटर खाली जातो. रिकामा डोंगा सहा सेंटिमीटर पाण्यात असतो. सहा पाहुणे आणि दोन नावाडी बसले की तो अठराएक सेंटिमीटर बुडतो. म्हणजे पाण्यापासून वरचा काठ सत्तावीस सेंटिमीटर उरला, फूटभरही नाही.

एवढा काठ पुरेसा वाटतो, आणि सगळे मधोमध खाली बसलेले असतील तर तो पुरतोही. पण दोन माणसं फोटोसाठी एकाच काठाला सरकली की तो काठ जवळपास वीतभर खाली येतो. मग पाण्याला चार बोटंच उरतात. त्याच क्षणी एक लाट आली तर पाणी आत येतं. आत आलेलं पाणी झुकलेल्या बाजूलाच साचतं आणि डोंग्याला आणखी झुकवतं. डोंगा उलटतो तो बहुतेक वेळा असाच, एका दमात. सावरायला वेळ मिळत नाही.

[दृश्य: आडव्या फळीवर बसलेले दोघे. नावाडी हाताने खाली बसायची खूण करतो.]

"फळीवर नोका बसू जी, खाली बसा. मंधी बसा."

बसायची जागा हा या फेरीतला सगळ्यात महत्त्वाचा भाग आहे, म्हणून इथे जरा थांबू. डोंग्यात आडव्या फळ्या असतात. त्या दोन्ही बाजूंना ताण देऊन धरतात, त्यांचं खरं काम तेवढंच. पाहुणे त्यांच्यावर बाकासारखे बसतात. आपण वर सांगितलेल्या मापाच्या डोंग्यात सहाही पाहुणे तळावर बसले तर तो थोडा झुकून पुन्हा सरळ होतो. तेच सहा जण फूटभर उंच फळ्यांवर बसले तर तोल जवळजवळ शून्यावर येतो, कारण सगळं वजन वर चढलेलं असतं. वजन तेवढंच, माणसं तीच, फक्त बसायची उंची बदलली. म्हणून तळावर पोतं किंवा जुनी चादर घाला, मांडी घाला आणि पाठ आडव्या फळीला टेकवा. जड माणसं मध्यभागी, हलकी दोन्ही टोकांकडे. डावीकडे तीन, उजवीकडे तीन. जेवणाचे डबे आणि पाण्याचे कॅन मधल्या भागात तळाला. मूल कुणाच्या मांडीवर घेऊ नका, दोन मोठ्यांच्या मध्ये खाली बसवा.

चढतानाही तेच पाळायचं. डोंग्याचं टोक काठाला टेकलेलं असतं, मागचा भाग तरंगत असतो. नावाडी बांबू चिखलात रोवून डोंगा धरून ठेवतो. एकेकाने टोकावरून पाय टाकायचा, तोही मधोमध, काठावर नाही. वाकून, दोन्ही हात दोन्ही काठांना लावत मागे जायचं. मागची जागा आधी भरायची, पुढची शेवटी. चप्पल काढून हातात घ्या. ओल्या फळीवर प्लॅस्टिकचा तळ सरकतो.

लाइफ जॅकेट काठावरच घाला. पाण्यात पडल्यावर कुणालाच ते घालता येत नाही. छातीवरचे तिन्ही पट्टे ओढून बांधा आणि खांद्याला धरून वर उचलून बघा. ते कानापर्यंत वर आलं तर सैल आहे. मुलांच्या जॅकेटला पायांमधून घ्यायचा पट्टा असतो, तो न बांधल्यास मूल खालून निसटतं. फाटलेलं, आतला फोम दबलेला किंवा नुसतं शिवलेलं कापड असलेलं जॅकेट घेऊ नका. दुसरं मागा. नसेल तर त्या दिवशी फेरी करू नका. नावाड्याला वाईट वाटेल म्हणून गप्प बसू नका, तोही ऐकून घेतो.

विदर्भाच्या नद्यांनी ही गोष्ट फार क्रूरपणे दाखवली आहे. 14 सप्टेंबर 2021 रोजी वरूड तालुक्यातल्या झुंज इथे वर्धा नदीत नाव उलटून अकरा जण बुडाले. जानेवारी 2024 मध्ये चामोर्शी तालुक्यातल्या गणपूरजवळ मिरची तोडायला नावेने वैनगंगा ओलांडणाऱ्या महिलांची नाव उलटली आणि सहा जणींचा जीव गेला. त्या सहलीला निघाल्या नव्हत्या, मजुरीला निघाल्या होत्या. पलीकडे जायला जवळचा पूल नसेल तर गावाला आजही हाच रस्ता उरतो.

[दृश्य: डोंगा काठ सोडतो. वल्ह्याचा आवाज. धुकं विरलं आहे, पुलाचे खांब दिसतात.]

फेरी सकाळी करा. धुकं असेल तर पलीकडचा काठ स्पष्ट दिसेपर्यंत थांबा. पाण्यावर वारा चढायच्या आत परत यायचं, हा इथला सरळ नियम आहे. वैनगंगेवरचं गोसेखुर्द धरण होण्याआधी इथे नदी होती, दोन काठांमधलं वाहतं पाणी. आता इथे धरणाचं साचलेलं पाणी आहे. पात्र रुंदावलं, म्हणून वाऱ्याला धावायला लांब जागा मिळाली, आणि लाटा त्याच मानाने मोठ्या होतात. नदीवर वल्हं मारलेल्या माणसालाही हे पाणी नव्याने शिकावं लागलं.

धरणाचं भूमिपूजन 22 एप्रिल 1988 रोजी राजीव गांधी यांच्या हस्ते झालं. धरणाला तेहतीस दरवाजे आहेत आणि पूर्ण भरल्यावर पाण्याची पातळी समुद्रसपाटीपासून 245.5 मीटर असते. बुडीत क्षेत्रात शेतं गेली, गावं उठली. त्या पुनर्वसनाचा हिशेब या छोट्या फिल्ममध्ये मावणार नाही. पण डोंग्यातून जाताना त्याची खूण दिसते. पाण्याबाहेर वाळलेली झाडं उभी आहेत आणि त्यांच्यावर पाणकावळे पंख पसरून बसलेले असतात.

दिसणारी झाडं टाळता येतात. न दिसणारी जास्त त्रास देतात. पातळी उतरू लागली की पाण्याखालचे बुंधे पृष्ठभागाच्या अगदी जवळ येतात. सपाट तळाचा डोंगा अशा बुंध्यावर चढला तर अडकतो आणि एका बाजूला कलतो. तेव्हा कुणीही उठायचं नाही, हाताने ढकलायला वाकायचं नाही. नावाडी बांबूने त्याच बुंध्याला रेटून डोंगा आल्या वाटेने मागे घेतो. बुंधे कुठे आहेत हे त्याला ठाऊक असतं, कारण त्याची जाळी त्यांच्यातच अडकून फाटतात. म्हणून बाहेरून आणलेला वल्हेकरी कितीही तगडा असला तरी इथे उपयोगाचा नाही. या पाण्यावर रोज जाळं टाकणारा माणूसच हवा.

[दृश्य: संगमाचं विस्तीर्ण पाणी. एक मोटरबोट दूरून जाते.]

मोटरबोट जवळून गेली तर ती गेल्यावर सावध व्हा. तिच्या लाटा थोड्या उशिराने पोचतात, तोवर सगळे पुन्हा फोटोत रमलेले असतात. लाट कडेवर आपटली तर डोंगा जोरात डुलतो. म्हणून नावाडी टोक लाटेकडे वळवतो, अगदी समोर नाही, थोडं तिरपं. तुम्ही एवढंच करायचं: हात आत ठेवायचे आणि लाट संपेपर्यंत बोलणंसुद्धा थांबवायचं, म्हणजे त्याचा आवाज तुम्हाला ऐकू येईल.

आत थोडं पाणी येत राहतं, घाबरायचं कारण नाही. फळ्यांच्या सांध्यांतून पाझर असतोच. प्लॅस्टिकचा कॅन अर्धा कापून केलेला डबा प्रत्येक डोंग्यात हवा. पाणी घोट्यापर्यंत यायची वाट न बघता दर दहा-पंधरा मिनिटांनी उपसा. डबा दोरीने बांधलेला असावा, नाहीतर पहिल्याच धक्क्यात तो पाण्यात जातो.

हिवाळ्यात इथे चक्रवाक येतात, शेंदरी-तपकिरी रंगाची मोठी बदकं. ती जोडीने काठाच्या चिखलात उभी असतात आणि माणूस दिसला की लांबूनच ओरडून उडतात. वल्ह्याच्या डोंग्याला मात्र बरंच जवळ येऊ देतात. काळा-पांढरा खंड्या पाण्यावर एका जागी पंख फडफडवत थांबतो आणि सरळ खाली सूर मारतो. मोटरच्या आवाजात यातलं फारसं काही दिसत नाही. डोंग्यातून फिरायचं ते याच्यासाठी.

कन्हानच्या बाजूचं पाणी मात्र बघवत नाही. नागपूर शहराचं सांडपाणी घेऊन येणारी नाग नदी कन्हानला मिळते आणि ती घाण पुढे याच जलाशयात उतरते. त्या बाजूला पाण्यात हात घालू नका, मुलांना तोंड धुऊ देऊ नका. जलपर्णीचे तरंगते गालिचे दिसले तर त्यांना वळसा घाला. वल्हं त्यात अडकलं की दोन माणसांची ताकद संपते.

दीड तासाची फेरी पुरे. वल्ह्यावर डोंगा तासाला तीनेक किलोमीटर जातो. संगमावर जाऊन, पुलाखालून वळून परत यायला तेवढा वेळ लागतो, आणि मांडी घालून बसलेल्या पायांनाही तेवढाच सोसवतो.

[दृश्य: पावसाळ्यातला जलाशय. गढूळ पाणी. काठावर उलटे ठेवलेले डोंगे.]

पावसाळ्यात ही फेरी करायचीच नाही. पाऊस इथे पडला नसला तरी वरून पाणी येतं. वैनगंगा मध्य प्रदेशातल्या सिवनी जिल्ह्यातून येते, आणि तिथल्या संजय सरोवर धरणातून पाणी सोडलं की ते या बाजूलाच उतरतं. ऑगस्ट 2020 च्या अखेरीस असंच पाणी आलं, गोसेखुर्दचे तेहतीसही दरवाजे उघडावे लागले आणि भंडारा शहरात पूर शिरला. दरवाजे उघडले की साचलेलं पाणी पुन्हा वाहू लागतं, आणि वल्ह्याचा डोंगा त्या ओढीपुढे टिकत नाही. ऑक्टोबर संपल्यानंतर फेब्रुवारीपर्यंतचे दिवस चांगले.

[दृश्य: डोंगा परत घाटाला लागतो.]

उतरताना गडबड होते, कारण काठ दिसला की सगळे एकदम उठतात. टोक टेकेपर्यंत बसून राहा. मग पुढचा माणूस आधी उतरतो. तो उतरला की टोक हलकं होऊन पुन्हा तरंगू लागतं, म्हणून नावाडी डोंगा हातभर वर ओढून घेतो. त्याने ओढल्यावरच दुसऱ्याने उठायचं. ओढणं, मग एक माणूस, पुन्हा ओढणं.

फेरीचे पैसे आधी ठरवा, आणि ते माणशी न ठरवता डोंग्याचे ठरवा. माणशी दर असला की दोन माणसं जास्त बसवायचा मोह दोन्हीकडून होतो. डोंग्याचा दर असला की सहा पाहुण्यांची मर्यादा पाळणं नावाड्याला परवडतं. 2021 च्या केंद्राच्या अंतर्देशीय जलवाहतुकीच्या नव्या कायद्यात बिनयंत्राच्या नावांच्या नोंदीचाही विचार केला आहे. अशी नोंद घाटाघाटावर नीट झाली, तर प्रत्येक डोंग्यावर किती माणसं बसायची हे रंगवून लिहिता येईल.

लाकडी डोंगा टिकवायला मेहनत लागते. उन्हाळ्यात तो काठावर उन्हात ठेवला तर फळ्या आक्रसतात आणि सांधे उघडतात. म्हणून नावाडी तो उथळ पाण्यात दगड भरून बुडवून ठेवतात. दुरुस्तीच्या वेळी बाहेर काढायचा, वाळवायचा, सांध्यांतला जुना भरणा खरवडायचा, कापूस किंवा तागाचा धागा ठोकून भरायचा आणि वरून गरम डांबर ओतायचं. डांबर थंड होऊन घट्ट झालं तरी लगेच माणसं बसवत नाहीत. डोंगा रात्रभर पाण्यात ठेवतात, फळ्या पाणी पिऊन फुगतात आणि एकमेकींना चिकटतात. सकाळी आत किती पाणी आलं ते बघायचं. ओंजळभर असेल तर डोंगा तयार. गुडघाभर असेल तर पुन्हा बाहेर काढून तोच सांधा शोधायचा.