भारतातली कॉफी आणि घरचं गिऱ्हाईक

नमस्कार. कॉफी म्हटलं की आपल्याला कॅफे आठवतं, नाहीतर घरी दुधात उकळलेली, वरून जायफळ घातलेली कॉफी. पण कॉफी पिकवणाऱ्यांचं काय चाललंय ते फारसं कुणी बोलत नाही. माझं म्हणणं एवढंच आहे की आपल्या कॉफीच्या धंद्याला घरचं गिऱ्हाईक आठवतं ते बाहेरचं गिऱ्हाईक गेल्यावरच, आणि हे नव्वदेक वर्षं चाललंय.

सुरुवात मुंबईतच बघा ना. १९३०च्या दशकात मंदीत भाव पडले, मळेवाले अडचणीत आले, म्हणून १९३५ ला कॉफी सेस कमिटी झाली (सेस म्हणजे खास कर) आणि लोकांना कॉफीची सवय लागावी म्हणून कॉफी हाऊस निघाली, पहिलं १९३६ ला चर्चगेटला. मग महायुद्ध आलं, युरोपचा बाजार बंद झाला आणि १९४२ चा कॉफी कायदा आला. तेव्हापासून सगळा माल सरकारी कॉफी बोर्डाच्या पूलमध्ये, म्हणजे सामायिक साठ्यात द्यायचा आणि पैसे हप्त्याहप्त्याने येतील तशी वाट बघायची. १९८९ ला जगातली कोटा पद्धत, म्हणजे कुठल्या देशाने किती कॉफी निर्यात करायची हे ठरवणारा करार, मोडली, पाठोपाठ मोठं गिऱ्हाईक असलेलं सोव्हिएत युनियनही गेलं, आणि १९९६ पर्यंत पूल संपला. विकायची मोकळीक मिळाली खरी, पण भाव कुठे ठरतो? कॉफीच्या दोन मुख्य जाती, त्यातल्या रोबस्टाचा लंडनला, अरेबिकाचा न्यूयॉर्कला. २००१ च्या सुमारास तो भाव एवढा कोसळला की कर्नाटकातल्या कोडगूचे, केरळातल्या वायनाडचे शेतकरी कर्जात बुडाले.

मग अलीकडे उलटं झालं. व्हिएतनाम, ब्राझीलमध्ये दुष्काळ पडला, २०२४ मध्ये लंडनला रोबस्टा टनाला ५००० डॉलरच्या वर गेला, डिसेंबरमध्ये अरेबिकाने १९७७ चा विक्रम मोडला, आणि २०२४-२५ मध्ये आपली कॉफी निर्यात १८० कोटी डॉलरच्या आसपास गेली. आपण वर्षाला साधारण साडेतीन लाख टन पिकवतो, त्यातला दोन तृतीयांश माल बाहेर जातो, सगळ्यात जास्त इटलीला. शेतकऱ्याच्या हातात पैसा आला याचा मला मनापासून आनंद आहे, कारण यातले जवळपास सगळे १० हेक्टरच्या आतले लहान शेतकरी आहेत.

आणि त्यांचं काम सोपं नाहीये हो. आपली कॉफी सावलीत वाढते, वर सिल्व्हर ओकची झाडं, त्याच्यावर मिरीचे वेल, खाली कॉफी. फेब्रुवारी-मार्चमध्ये एक पाऊस लागतो, त्याला ब्लॉसम शॉवर म्हणतात, तो पडला की आठ-दहा दिवसांत अख्खा मळा पांढऱ्या फुलांनी भरतो. तो चुकला तर फळधारणाच कमी, आणि तोडणीच्या वेळी अवेळी पडला तर पिकलेली फळं गळतात, अंगणात वाळत घातलेली भिजतात. शिवाय अरेबिकाला खोडकिडा लागतो, किडा खोडाच्या आत असतो, झाड उपटून जाळल्याशिवाय इलाज नाही. त्यामुळे बरेच जण रोबस्टाकडे वळले आणि आज देशातल्या उत्पादनात साधारण ७० टक्के रोबस्टा आहे.

आता आपलं, म्हणजे पिणाऱ्यांचं. कॉफी-चिकोरी मिक्समध्ये कायद्याने कॉफी निदान ५१ टक्के हवी, म्हणजे ४९ टक्के चिकोरी चालते, आणि चिकोरी म्हणजे भाजलेलं मूळ, त्यात कॅफिन नाही. पाकिटावर टक्केवारी छापलेली असते, पण ती वाचतो कोण? माझा चिकोरीला विरोध नाही, दाटपणा येतो, रंग येतो, फिल्टर कॉफीवाल्यांना ती आवडते, आवडीने प्यावी. पण कॉफी समजून पैसे द्यायचे आणि जवळजवळ निम्मं मूळ प्यायचं हे मला पटत नाही, कारण तेवढी मागणी कॉफीवाल्या शेतकऱ्याकडून निघून जाते. भाव चढे असतात तेव्हाच घरचं गिऱ्हाईक तयार करायला हवं, भाव पडल्यावर नव्या पिणाऱ्यांना शोधत बसायला वेळ नसतो. बोर्डाने आणि रोस्टरांनी, म्हणजे बिया भाजून विकणाऱ्यांनी, आमच्याकडे पुण्या-नाशकात, कोल्हापुरात यावं, साधी, परवडणारी पावडर द्यावी, फक्त महागड्या कॅफेंवर भागणार नाही.

तुमच्यापैकी मुंबईचे जे असतील त्यांनी माटुंग्याला जावं, तिथे दुकानात बिया दळून देतात, किती चिकोरी हवी विचारतात, ८०-२० की ७०-३० की प्युअर. प्युअर मागा, थोडीच घ्या, आणि बिया कुठल्या मळ्यातल्या तेही विचारा.