पहाटे चारचं कडवं

(पडद्यावर: टेक्ससचा कोरडा माळ, बुटकी झाडं, मागे गोल्फचं मैदान.)

ऑस्टिन शहराच्या पश्चिमेला स्पाइसवूड नावाचं गाव आहे. सत्तरच्या दशकाच्या अखेरीस विली नेल्सन या अमेरिकन गायकाने तिथला एक कंट्री क्लब विकत घेतला. नऊ होलचं गोल्फचं मैदान आणि क्लबची बैठी इमारत. त्या इमारतीत त्याने स्टुडिओ थाटला. दिवसा गोल्फ, रात्री रेकॉर्डिंग.

विली नेल्सन आणि मर्ल हॅगर्ड या दोघा कंट्री गायकांचा (कंट्री म्हणजे अमेरिकेचं ग्रामीण वळणाचं संगीत) ‘पांचो अँड लेफ्टी’ हा आल्बम याच इमारतीत झाला. दहा गाणी. जानेवारी १९८३मध्ये एपिक कंपनीने तो बाजारात आणला. निर्माते तिघं: स्वतः विली, स्वतः मर्ल, आणि मेम्फिसचा चिप्स मोमन. एल्व्हिस प्रेस्लीची १९६९ची मेम्फिसमधली रेकॉर्डिंग ज्याच्या हातून झाली, तोच हा मोमन.

दोघांनाही तोवर कुणाला काही सिद्ध करून दाखवायचं नव्हतं. विलीने लिहिलेलं ‘क्रेझी’ पॅट्सी क्लाइन या गायिकेने १९६१मध्येच गायलं होतं. मर्ल कॅलिफोर्नियाच्या बेकर्सफील्डजवळचा, तेलविहिरींच्या वस्तीत वाढलेला, तरुणपणी सॅन क्वेंटिनच्या तुरुंगात राहून आलेला. अशा दोन आवाजांना एका गाण्यात बसवणं सोपं वाटतं. प्रत्यक्षात पहिली अडचण पट्टीपासूनच सुरू होते.

(पडद्यावर: पेटीच्या पट्ट्यांवरून फिरणारं बोट.)

आपल्याकडे गायक साधारण पांढरी एक ते काळी दोनमध्ये गातो आणि गायिका पांढरी पाच ते काळी पाचमध्ये. युगलगीत करताना संगीतकाराची सगळी कसरत या अंतरात असते. एकाला सोयीची पट्टी घेतली की दुसऱ्याचा आवाज एक तर तळाला जाऊन विझतो, नाही तर वर जाऊन ओरडतो. अमेरिकन कंट्रीमध्येही हेच. १९८३मध्येच केनी रॉजर्स आणि डॉली पार्टन यांच्या गाजलेल्या युगलगीतात डॉलीचं कडवं येताना गाण्याची पट्टीच बदलते. ऐकणाऱ्याला तो बदल नाट्यमय वाटतो; मुळात ती गळ्याची सोय असते.

विली आणि मर्ल दोघेही पुरुष, त्यामुळे पट्टीचं संकट सौम्य. त्यांचं खरं भांडण लयीशी.

मर्लचा आवाज गोल, भरदार. शब्द तो ठेक्यावर नेमका ठेवतो. विली ठेक्यावर गातच नाही. ओळ उशिरा उचलतो, मध्ये दोन शब्द घाईने म्हणून टाकतो, आणि समेच्या अलीकडेच कुठेतरी थांबतो. आपल्या गायकीची सवय असलेल्या कानाला यात नवल वाटायचं नाही. पण दुसऱ्याने त्याच ओळीवर वरच्या गंधाराने साथ द्यायची म्हटलं तर पंचाईत होते. असं दुहेरी गाणं दोघांचे स्वर एकाच क्षणी सुरू होऊन एकाच क्षणी संपले तरच जमतं. एकाचा ‘त’ आधी आणि दुसऱ्याचा नंतर आला, तर ओळीच्या शेवटी टपटप ऐकू येतं, नळ गळावा तसं. म्हणून विलीबरोबर गाणारा माणूस त्याच्या ओठांकडे बघत गातो. आणि शहाणा असेल तर कडवी वाटून घेतो.

(पडद्यावर: दोन मायक्रोफोन, फुटपट्टी, फिरणारी टेप.)

दोघांना समोरासमोर उभं करायचं, तर मायक्रोफोन कसे लावायचे? स्टुडिओतला जुना नियम एकास तीनचा. गायकाचं तोंड मायक्रोफोनपासून सहा इंचांवर असेल, तर दुसरा मायक्रोफोन पहिल्यापासून किमान अठरा इंच लांब हवा. जवळ आणला, तर एकाच गळ्याचा आवाज दोन्हीकडे थोड्या फरकाने पोचतो. दोन्ही ट्रॅक, म्हणजे दोन मायक्रोफोनांची वेगवेगळी ध्वनिमुद्रणं, एकत्र केले की काही स्वर एकमेकांना खाऊन टाकतात आणि आवाज डब्यात बोलल्यासारखा पोकळ येतो. नंतर दुरुस्तीही कठीण, कारण एकाची चुकलेली ओळ दुसऱ्याच्या ट्रॅकवर सांडलेली असते. मर्ल चुकला म्हणून विलीलाही पुन्हा गावं लागतं.

यावर उपाय म्हणजे वेगवेगळं गाणं. आधी वादक आणि एक गायक, मग दुसरा येऊन आपल्या ट्रॅकवर आवाज भरतो. यात स्वच्छता मिळते, पण दुसऱ्याला ठरून गेलेल्या पट्टीत, ठरून गेलेल्या लयीत उतरावं लागतं. हेडफोनमध्ये वाद्यं मोठी ठेवली की सूर ढळतो, म्हणून अनेक गायक एक कान उघडा ठेवतात. शिवाय टेपचा हिशेब. त्या काळी चोवीस ट्रॅकची दोन इंची टेप वापरात होती. अडीच हजार फुटांचं रीळ सेकंदाला तीस इंच वेगाने फिरवलं, तर सोळा मिनिटं चाळीस सेकंदांत संपतं. पाच मिनिटांचं गाणं असेल तर तीन प्रयत्न, की रीळ बदला.

आता ती रात्र.

आल्बम बराचसा झाला होता, पण सगळा आल्बम पाठीवर वाहून नेईल असं गाणं हाती नव्हतं. विलीची मुलगी लाना हिने ‘पांचो अँड लेफ्टी’ हे गाणं सुचवलं. टाउन्स व्हॅन झँट या टेक्ससच्या कवी-गायकाने ते १९७२च्या आपल्या आल्बमवर गायलं होतं आणि नंतर एमिलू हॅरिसनेही. मेक्सिकोत मारला गेलेला पांचो हा दरोडेखोर, आणि त्याच सुमारास ओहायोकडे निघून गेलेला त्याचा साथीदार लेफ्टी. जायला पैसे कुठून आले, ते गाणं सांगत नाही. विचारतही नाही, नुसतं सुचवतं.

मर्ल तेव्हा बाहेर उभ्या असलेल्या आपल्या बसमध्ये झोपला होता. विलीने वादकांना घेऊन गाणं बसवलं, आणि पहाटे चारच्या सुमारास बसचं दार ठोठावलं. मर्ल डोळे चोळत आत आला. गाणं त्याला नवीन होतं. कागदावरचे शब्द बघत त्याने आपलं कडवं म्हटलं आणि परत जाऊन झोपला. सकाळी उठून म्हणाला, ते पुन्हा नीट गातो. तोवर टेप न्यूयॉर्कच्या वाटेला लागली होती.

हा किस्सा बहुतेक वेळा नशिबाचा म्हणून सांगितला जातो. नशीब थोडंच आहे. मर्लच्या वाट्याला आलेलं कडवं लेफ्टीचं आहे: आता पूर्वीसारखं रात्र रात्र गाता न येणाऱ्या, घशात धूळ बसलेल्या माणसाचं. झोपेतून उठलेला, अजून न तापलेला गळा त्याला नेमका शोभतो. आणि तो आवाज येईपर्यंत विली एकटा गातो. युगलगीत आहे हे ऐकणाऱ्याला ठाऊक असतं. दुसरा माणूस कुठे आहे, याची वाट बघायला लागते. पहिल्या ओळीपासून दोघे मिळून गायले असते, तर यातलं काहीच उरलं नसतं.

(पडद्यावर: गिटारचा जवळून घेतलेला भाग, लाकडाला पडलेलं भोक.)

विलीच्या हातातली ही गिटार, मार्टिन कंपनीची एन-२०, १९६९पासून त्याच्याकडे आहे. नाव ट्रिगर. ही बोटांनी छेडायची, नायलॉनच्या तारांची शास्त्रीय गिटार; म्हणून तिच्या पाटावर संरक्षक पट्टी नसते. विली मात्र ती पिकने, म्हणजे तारा छेडायच्या छोट्या चकतीने वाजवतो. वर्षानुवर्षं घासून स्प्रूस लाकडाचा पातळ पाट झिजला आणि आरपार भोक पडलं. कंट्रीत एरवी पोलादी तारा असतात. त्यांचा झंकार लांबतो. नायलॉनचा स्वर लवकर विझतो. त्या मोकळ्या जागेत गायकाचा श्वास ऐकू येतो.

जुलै १९८३मध्ये हे गाणं बिलबोर्ड या अमेरिकन संगीत-नियतकालिकाच्या कंट्री यादीत पहिलं आलं. आल्बमही कंट्री आल्बमच्या यादीत पहिला. त्याच वर्षी कंट्री म्युझिक असोसिएशनचा जोडगायकांचा पुरस्कार दोघांना मिळाला.

एक गाणं मात्र मर्लने सोडून दिलं. याच सत्रांत ‘ऑल्वेज ऑन माय माइंड’ पुढे आलं होतं. विलीच्या सांगण्यानुसार मर्लला ते फारसं रुचलं नाही, म्हणून विलीने ते एकट्याने गायलं. ते आधी, १९८२मध्येच आलं आणि ग्रॅमी घेऊन गेलं.

(पडद्यावर: काळा पडदा. फक्त आवाज.)

‘पांचो अँड लेफ्टी’च्या व्हिडिओत विली पांचो झाला, मर्ल लेफ्टी. पांचोच्या मागावर असलेल्या मेक्सिकन शिपायांमध्ये एक उंच, किडकिडीत माणूस दिसतो. तोच टाउन्स व्हॅन झँट.